लेडी मेहेरबाई टाटा : एका टेनिसपटू स्त्रीचे चरित्र

टेनिसचा खेळ आणि रक्ताचा कर्करोग ह्या दोन गोष्टींचा परस्परांशी काय संबंध, असा प्रश्न कोणासही पडेल. एक गोष्ट आरोग्याची, मोकळ्या हवेची आणि हिरवळीची, दुसरी रोगशय्येची. परंतु खारघरच्या डोंगरांच्या आसमंतात सुमारे ६० एकर जागेवर टाटा मेमोरियल सेंटरचे जे कर्करोग-केंद्र उभे आहे, त्याच्या मुळाशी जाऊ लागल्यास वाटेत एका टेनिसपटू स्त्रीचे नाव लागते. ह्या केंद्रास ‘ॲक्ट्रेक’ ह्या आद्याक्षरी नावाने लोक ओळखतात. दूरदूरच्या प्रांतांतून आलेले रुग्ण आणि त्यांचे आप्त तेथे उपचारासाठी थांबलेले असतात. त्यांपैकी फारच थोड्यांना हे नाव ठाऊक असेल. ते नाव लेडी मेहेरबाई टाटा ह्यांचे होय.

मेहेरबाईंचा जन्म १० ऑक्टोबर १८७९ रोजी मुंबईस झाला. त्या वेळी इंग्लंडच्या गादीवर व्हिक्टोरिया राणी होती आणि ज्या खेळात पुढे त्यांनी नाव मिळविले तो खेळही तेव्हा बाल्यावस्थेतच होता. १८७४ मध्ये मेजर विंगफील्ड नावाच्या एका इंग्रज गृहस्थाने हिरवळीवर जाळे बांधून खेळावयाच्या एका नव्या खेळाची सनद घेतली. रॅकेट, चेंडू, जाळे आणि खुंट्या एका पेटीत घालून तो ती विकीत असे. बड्या लोकांच्या बागांतून हा खेळ बघता बघता पसरला. १८७७ मध्ये लंडनजवळच्या विंबल्डन येथे पुरुषांचे पहिले सामने झाले आणि १८८४ मध्ये तेथेच स्त्रियांचेही सामने सुरू झाले. त्या वर्षी अवघ्या १३ स्त्रियांनी भाग घेतला. अंतिम सामन्यात मॉड वॉटसन हिने आपल्या थोरल्या बहिणीचाच पराभव केला.

त्या काळच्या इंग्रज स्त्रिया कोणत्या वेषात खेळत हे समजल्यावाचून त्यांच्या कर्तबगारीची कल्पना येणार नाही. कमरेस हाडांच्या पट्ट्या घालून आवळलेली चोळी, घोट्यापर्यंत लोळणारा घेरदार झगा, त्याच्या आत आणखी परकर, डोक्यावर टोपी, इतका सरंजाम अंगावर असे. पोट आणि फासळ्या आवळल्यामुळे श्वास पुरा घेता येत नसे आणि झग्याच्या घोळामुळे पाऊल मोकळे पडत नसे. पुष्कळशा स्त्रिया एका जागी उभ्या राहून चेंडू हळुवारपणे टोलवीत आणि सर्व्हिसही हात खाली ठेवूनच करीत. १८८७ मध्ये लॉटी डॉड ही १५ वर्षांची मुलगी विंबल्डनची विजेती झाली. तिच्या यशामागे तिचे कौशल्य तर होतेच. पण वयाने लहान असल्यामुळे शाळकरी मुलीसारखा आखूड झगा घालून खेळण्याची तिला मुभा होती आणि त्यामुळे ती जाळ्यापर्यंत धावत जाऊ शके, हेही एक कारण होते. तिने पाच वेळा हे अजिंक्यपद मिळविले. पुढे हॉकी, गोल्फ आणि तिरंदाजी ह्यांतही ती चमकली. एवढी खेळाडू मुलगी वेषाच्या बाबतीत तरी केवळ बालवयाच्या सवलतीने सुटली, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

आपल्याकडे ह्याच सुमारास काय चालले होते? ज्या १८८४ साली विंबल्डनवर स्त्रिया प्रथम उतरल्या, त्याच साली पुण्यास हुजूरपागेची मुलींची शाळा निघाली. मुलींनी इंग्रजी शिकावे की न शिकावे, हाच तेव्हा मोठ्या वादाचा विषय होता. आनंदीबाई जोशी अमेरिकेत वैद्यक शिकत होत्या आणि त्यांच्या त्या धाडसाची घरोघर चर्चा होत होती. खेळ म्हणावा तर मुलींना झिम्मा, फुगडी, पिंगा हे होते. पण तेही मंगळागौरीसारख्या निमित्ताने, घराच्या माजघरात आणि स्त्रियांच्याच मेळाव्यात. चार परक्या माणसांसमोर, मोकळ्या मैदानावर, जिंकण्याच्या ईर्षेने एखाद्या स्त्रीने खेळावे ही कल्पनाही बहुतेकांच्या मनास शिवलेली नव्हती. मुंबईच्या पारशी समाजात मात्र स्त्रीशिक्षण बरेच आधी रुजले होते आणि त्या समाजातील स्त्रिया पुरुषांबरोबर सभासमारंभांस जाऊ लागल्या होत्या. मेहेरबाई वाढल्या त्या ह्या वातावरणात.

त्यांचे वडील होरमसजी जहांगीर भाभा हे विलायतेत शिकून आलेले विद्वान गृहस्थ होते. म्हैसूर संस्थानच्या शिक्षणखात्यात त्यांनी मोठ्या अधिकाराच्या जागा भूषविल्या. त्यांच्या नोकरीमुळे कुटुंब प्रथम बंगळूरास आणि नंतर म्हैसुरास गेले. बंगळूरच्या बिशप कॉटन शाळेत मेहेरबाईंचे शिक्षण झाले. पुढे वडिलांच्या देखरेखीखाली त्यांनी इंग्रजी आणि शास्त्रविषय ह्यांचा अभ्यास केला. पियानो त्या उत्तम वाजवीत. घोड्यावर बसण्यात त्या तरबेज होत्या. पुढे मोटारी आल्या तेव्हा मोटारही त्या स्वतः चालवू लागल्या. मुलीची बुद्धी आणि मुलीचे शरीर ह्या दोहोंचीही जोपासना करावयाची असते, ही गोष्ट ज्या थोड्या घरांत त्या काळी मान्य होती, त्यांपैकी हे एक घर होते.

उद्योगपती जमशेटजी टाटा म्हैसूरकडे जात तेव्हा भाभांकडे त्यांचे जाणे होई. ह्या घरातील मुलगी त्यांच्या मनात भरली आणि आपल्या थोरल्या मुलास, दोराबजींस, त्यांनी भाभा कुटुंबाची भेट घेण्यास सुचविले. १४ फेब्रुवारी १८९८ रोजी दोराबजी आणि मेहेरबाई ह्यांचा विवाह झाला. वधूचे वय १८ आणि वराचे ३८. वयात एवढे अंतर असूनही दोघांचा संसार मनाजोगा झाला, त्याचे एक कारण दोघांची आवड एक होती. दोराबजी केंब्रिजला शिकलेले आणि खेळांचे विलक्षण षोकी होते. १९२० मध्ये अँटवर्प येथील ऑलिंपिक सामन्यांस हिंदुस्थानचे खेळाडू गेले ते मुख्यतः त्यांच्या प्रयत्नामुळे आणि पैशामुळे. पुढे भारतीय ऑलिंपिक संघटनेचे ते पहिले अध्यक्ष झाले. अशा पतीच्या घरी पत्नीच्या हातातील रॅकेट लग्नानंतर माळ्यावर जाऊन पडली नाही, ह्यात नवल नाही. १९१० मध्ये दोराबजींना ‘सर’ हा किताब मिळाला आणि मेहेरबाई ‘लेडी टाटा’ झाल्या.

टेनिसमध्ये मेहेरबाईंनी साठाहून अधिक बक्षिसे मिळविली. पश्चिम हिंदुस्थानच्या सामन्यांत तर एकाच वेळी तिहेरी यश संपादन करण्याचा पराक्रम त्यांच्या नावावर आहे. पण त्यांच्या खेळाची जी गोष्ट पाहणारांच्या कायम स्मरणात राहिली ती बक्षिसांची नव्हे. ती त्यांच्या वेषाची. मेहेरबाई साडी नेसूनच टेनिस खेळत.

ह्या गोष्टीत विशेष काय, असे आज कोणी म्हणेल. त्यासाठी टेनिसची जातकुळी थोडी पाहिली पाहिजे. ह्या खेळात खेळाडूला सरळ रेषेत धावावयाचे नसते. चेंडू जाळ्यापलीकडून केव्हा उजवीकडे, केव्हा डावीकडे, केव्हा पायाशी, तर केव्हा डोक्यावरून येतो. दोन पावले पुढे टाकून लगेच मागे फिरावे लागते. एका बाजूस वळलेले शरीर क्षणार्धात दुसऱ्या बाजूस वळवावे लागते. डोक्यावरून फटका मारावयाचा तर खांदा पूर्ण मोकळा हवा. आता पायघोळ साडी आणि खांद्यावरचा पदर सांभाळून हे सारे करावयाचे म्हणजे काय कसरत होत असेल ह्याची कल्पना करावी. आपल्याकडे काष्ट्याचे लुगडे नेसून शेतात राबणाऱ्या स्त्रीस पाय मोकळे टाकता येतात. पारशी पद्धतीच्या साडीस काष्टा नसतो. त्यामुळे पाऊल आखूड टाकून पण चटचट हलणे, चेंडू कोठे येणार ह्याचा अंदाज आधीच बांधून तेथे उभे राहणे, हाच मार्ग उरतो. आखूड झग्यामुळे जी सवलत लॉटी डॉडला मिळाली, ती मेहेरबाईंनी मागितली नाही. आपल्या वेषातच त्यांनी त्या खेळाशी जुळवून घेतले.

हा केवळ हट्ट नव्हता. त्या पिढीतील सुशिक्षितांपुढे दोन वाटा असत. एक, परक्यांचे जे जे म्हणून आहे ते ते त्याज्य मानून दार लावून बसण्याची. दुसरी, परक्यांचे सर्वच उचलून आपले सर्वच टाकून देण्याची. मेहेरबाईंनी तिसरी वाट धरली. खेळ इंग्रजांचा, नियम इंग्रजांचे, बरोबर खेळणाऱ्याही पुष्कळदा इंग्रज स्त्रियाच. पण खेळणारी मात्र आपल्याच वेषात, कोणाची नक्कल न करता उभी. चांगले ते कोठूनही घ्यावे, पण घेताना स्वतःस हरवू नये, आणि घेतलेले शेवटी आपल्या माणसांच्या उपयोगी पडावे, हे सूत्र त्यांच्या पुढच्या साऱ्या आयुष्यात दिसून येते.

१९२४ मध्ये पॅरिस येथे ऑलिंपिक सामने भरले. टेनिसच्या मिश्र दुहेरीसाठी हिंदुस्थानच्या वतीने मोहम्मद सलीम ह्या नामांकित खेळाडूबरोबर मेहेरबाईंची जोडी लावण्यात आली. सलीम हे लाहोरचे, मेहेरबाई मुंबईच्या. मेहेरबाईंना तेव्हा पंचेचाळिसावे वर्ष चालू होते. ऑलिंपिकमध्ये पदक मिळाले नाही. पण ज्या काळी आपल्या बहुसंख्य स्त्रियांना गावाची वेसही एकट्याने ओलांडता येत नव्हती, त्या काळी एका मध्यमवयीन भारतीय स्त्रीचे नाव जगाच्या खेळाडूंच्या यादीत लागले, ही गोष्ट लहान नव्हे. पॅरिसच्या त्या सामन्यांनंतर टेनिसला ऑलिंपिकमधून वगळण्यात आले. तो खेळ तेथे पदकांसह परत आला तो थेट १९८८ मध्ये.

ह्याच १९२४ साली मेहेरबाईंच्या आयुष्यात दुसरी एक कसोटी आली. ती खेळाच्या मैदानावरची नव्हती. ती समजण्यासाठी एका हिऱ्याची हकीकत सांगितली पाहिजे.

दक्षिण आफ्रिकेतील यागर्सफोन्टेन येथील खाणीत १८९५ मध्ये एक प्रचंड हिरा सापडला. १८९७ मध्ये व्हिक्टोरिया राणीच्या राज्यारोहणास ६० वर्षे पूर्ण झाली, त्या महोत्सवावरून त्या हिऱ्यास ‘ज्युबिली’ असे नाव पडले. पैलू पाडल्यानंतर त्याचे वजन २४५.३५ कॅरट भरले. कॅरट म्हणजे एका ग्रॅमचा पाचवा भाग. तेव्हा हा हिरा सुमारे ४९ ग्रॅम वजनाचा झाला. आजच्या कोहिनूरचे वजन १०५.६ कॅरट आहे. म्हणजे ज्युबिली हा त्याच्या दुपटीहूनही मोठा. १९०० मध्ये तो पॅरिसच्या प्रदर्शनात मांडला होता. पुढे दोराबजींनी तो आपल्या पत्नीसाठी विकत घेतला. साम्राज्याच्या वैभवाचे नाव धारण करणारा तो हिरा मुंबईच्या एका स्त्रीच्या गळ्यात आला. मोठमोठ्या समारंभांच्या प्रसंगी मेहेरबाई तो घालीत.

जमशेटजींच्या स्वप्नातून जमशेदपूरला पोलादाचा कारखाना उभा राहिला होता. पहिल्या महायुद्धानंतर कारखान्याचा मोठा विस्तार सुरू झाला आणि नेमक्या त्याच वेळी पोलादाचे भाव कोसळले. परदेशांतून स्वस्त माल येऊन पडू लागला. १९२४ मध्ये अशी वेळ आली की कामगारांचे पगार भागविण्यासही पैसा उरला नाही. तेव्हा दोराबजींनी आपली खाजगी मालमत्ता इंपीरियल बँकेकडे तारण ठेवून सुमारे १ कोटी रुपये उभे केले. त्या तारणात मेहेरबाईंचे दागिने होते आणि तो ज्युबिली हिराही होता. कारखाना तगला. पुढे सरकारने देशी पोलादास संरक्षण देण्यासाठी आयात मालावर जकात बसविली आणि हळूहळू धंदा सावरला. हिरा सोडवून घरी आला.

स्त्रीधन हे आपल्या समाजात स्त्रीचा शेवटचा आधार मानले गेले आहे. संसारावर कितीही संकट आले तरी अंगावरच्या दागिन्यास हात लावताना घरातील पुरुषाची मान खाली जाते. लहान घरांत मुलाच्या शिक्षणासाठी पाटल्या गहाण ठेवणाऱ्या माता पुष्कळ झाल्या. मेहेरबाईंची पाटली मोठी होती, एवढाच काय तो फरक. मात्र ती स्वतःच्या मुलासाठी नव्हे, हजारो अपरिचित कामगारांच्या चुली पेटत्या राहाव्यात म्हणून गेली. टाटा दांपत्यास मूल नव्हते.

सार्वजनिक कार्यातही त्यांची वृत्ती अशीच होती. पहिल्या महायुद्धात त्यांनी रेड क्रॉसच्या कामास वाहून घेतले आणि त्याबद्दल १९१९ मध्ये त्यांना ‘सी. बी. ई.’ हा बहुमान मिळाला. मुंबई इलाख्यातील स्त्रियांची परिषद स्थापन करण्यात त्यांचा पुढाकार होता. १९२५ मध्ये अखिल भारतीय स्वरूपाची स्त्रियांची राष्ट्रीय परिषद स्थापन झाली, तीतही त्या अग्रभागी होत्या आणि तिच्या द्वारे भारतीय स्त्रियांचा संबंध जागतिक स्त्रीसंघटनेशी जोडला गेला. मुलींचे शिक्षण वाढावे, पडद्याची चाल जावी आणि बालविवाह बंद व्हावेत ह्यांसाठी त्या सतत बोलत राहिल्या. १९२७ मध्ये अमेरिकेतील मिशिगन संस्थानात बॅटल क्रीक येथे केलेल्या भाषणात त्यांनी हिंदी स्त्रियांच्या विवाहविषयक सुधारणांचा पक्ष मांडला. ह्या प्रश्नावर हरविलास सारडा ह्यांनी विधिमंडळात आणलेले विधेयक १९२९ मध्ये संमत झाले. मुलीचे लग्नाचे किमान वय १४ आणि मुलाचे १८ असे त्या कायद्याने ठरविले. आज ही वयोमर्यादा फार कमी वाटते. परंतु आठ-दहा वर्षांच्या मुलींची लग्ने राजरोस होत होती त्या काळी एवढ्यासाठीही मोठा विरोध सोसावा लागला. ज्या मुलीचे बालपण दहाव्या वर्षी संपते तिच्या हाती पुस्तक कोठून येणार आणि रॅकेट तरी कोठून येणार? वडिलांच्या घरी आपल्यास जे मिळाले ते इतर मुलींस मिळावे, एवढाच त्यांच्या ह्या खटपटीचा अर्थ होता.

अशी निरोगी, चपळ आणि उद्योगी स्त्री दीर्घायुषी होईल असेच कोणासही वाटले असते. पण त्यांना रक्ताच्या कर्करोगाने गाठले. उत्तर वेल्समधील रुथिन येथील शुश्रूषागृहात उपचार चालू असता १८ जून १९३१ रोजी त्यांचे देहावसान झाले. वय अवघे ५१ वर्षांचे. लंडननजीक ब्रुकवुड येथे त्यांची समाधी आहे. दोराबजींस हा आघात सोसला नाही. पहिल्या वर्षश्राद्धाच्या सुमारास पत्नीच्या समाधीस जाण्यासाठी ते निघाले असता वाटेत जर्मनीतील बाद किसिंगन येथे ३ जून १९३२ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांनाही ब्रुकवुड येथेच पत्नीशेजारी विसावा मिळाला.

मेहेरबाईंच्या मागे त्यांचा खेळ थांबला नाही. त्यांच्या मृत्यूनंतर तीनच वर्षांनी, १९३४ मध्ये, मुंबईच्या लीला राव ह्यांनी विंबल्डनच्या एकेरी सामन्यांत पहिली फेरी जिंकली. तेथे सामना जिंकणारी ती पहिली भारतीय स्त्री. लीलाबाईंच्या मातोश्री क्षमाबाई राव ह्या सत्याग्रहावर संस्कृत काव्य रचणाऱ्या विदुषी. आणि क्षमाबाईंचे वडील म्हणजे वेदांचे आणि तुकोबांच्या गाथेचे संपादक शंकर पांडुरंग पंडित. ज्या घरात पोथी होती त्याच घरात रॅकेट आली आणि दोहोंनी एकमेकींस धक्का दिला नाही. मेहेरबाईंनी धरलेली तिसरी वाट आता एकटीची राहिली नव्हती.

परंतु मेहेरबाईंचे खरे स्मारक मैदानावर झाले नाही. ते झाले त्यांचा घास घेणाऱ्या रोगाच्या विरोधात. तो रोग कोणता हे थोडक्यात पाहू. आपल्या हाडांच्या पोकळीत मज्जा असते. तांबड्या पेशी, पांढऱ्या पेशी आणि रक्त गोठविणाऱ्या बिंबिका ह्या तिन्हींची ती जन्मभूमी. पांढऱ्या पेशी म्हणजे शरीराचे पहारेकरी. ह्या पेशींच्या घडणीत बिघाड झाला म्हणजे अपक्व, निरुपयोगी पेशींची बेसुमार पैदास सुरू होते. त्या मज्जेतील जागा व्यापतात. मग तांबड्या पेशी कमी पडून माणूस फिकट आणि थकलेला दिसू लागतो, बिंबिका कमी पडून रक्तस्राव होतो आणि पहारेकरीच कुचकामी झाल्याने साधा ताप-खोकलाही जिवावर बेततो. जर्मन वैद्य विरखो ह्याने एकोणिसाव्या शतकात ह्या रोगास ‘श्वेत रक्त’ अशा अर्थाचे ग्रीक नाव दिले. त्यावरून ‘ल्युकेमिया’ हा शब्द रूढ झाला. १९३१ मध्ये सोमलाची औषधे आणि क्ष-किरण ह्यांपलीकडे वैद्यांच्या हाती फारसे काही नव्हते आणि त्यांनीही आराम पडे तो तात्पुरता. अमाप द्रव्य आणि युरोपातील निष्णात वैद्य हाताशी असूनही मेहेरबाई वाचल्या नाहीत, कारण वाचविण्याचे ज्ञानच जगात नव्हते.

ही गोष्ट दोराबजींच्या मनास लागली असावी. पैशाने औषध विकत घेता येते. पण जे औषध अस्तित्वातच नाही ते शोधून काढण्यासाठी पैसा द्यावा लागतो. मृत्यूपूर्वी काही आठवडे, एप्रिल १९३२ मध्ये, त्यांनी लेडी टाटा मेमोरियल ट्रस्ट स्थापन केला. रक्ताच्या कर्करोगावर जगात कोठेही संशोधन करणाऱ्या शास्त्रज्ञांस साहाय्य करणे हा त्याचा मुख्य हेतू. देश, धर्म आणि वर्ण ह्यांची अट त्यात नाही, कारण रोगही ती अट पाळीत नाही. आपली जवळजवळ सर्व संपत्ती दोराबजींनी त्याच वर्षी दुसऱ्या एका विश्वस्त निधीच्या स्वाधीन केली होती. त्यांच्या पश्चात ज्युबिली हिरा विकला गेला आणि त्याचे द्रव्य ह्या दुसऱ्या निधीस मिळाले. व्हिक्टोरिया राणीच्या महोत्सवाचे नाव मिरविणारे रत्न प्रथम कामगारांच्या पगारासाठी तारण राहिले आणि अखेर लोककार्यात विरून गेले.

सर दोराबजी टाटा ट्रस्ट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या ह्या निधीतूनच मुंबईस परळ येथे टाटा मेमोरियल रुग्णालय उभे राहिले. २८ फेब्रुवारी १९४१ रोजी ते रुग्णसेवेस खुले झाले. कर्करोग झाला म्हणजे सर्व संपले, असे ज्या काळी मानले जाई त्या काळी केवळ ह्या रोगासाठी एवढे सुसज्ज रुग्णालय काढणे हे दूरदृष्टीचे काम होते. १९५२ मध्ये परळ येथेच कर्करोग संशोधनाची स्वतंत्र संस्था निघाली. रुग्णालय १९५७ मध्ये केंद्र सरकारच्या आरोग्य मंत्रालयाकडे आणि १९६२ मध्ये अणुशक्ती खात्याकडे गेले. किरणोत्सर्गी द्रव्यांचा कर्करोगाच्या उपचारांत मोठा उपयोग असल्याने हे योग्यच झाले. त्या वेळी अणुशक्ती खात्याचे प्रमुख होते डॉ. होमी भाभा, म्हणजे मेहेरबाईंच्या भावाचे चिरंजीव. आत्याच्या आजारातून ज्या कार्याची प्रेरणा मिळाली ते कार्य अशा रीतीने भाच्याच्या खात्याच्या छत्राखाली आले. १९६६ मध्ये रुग्णालय आणि संशोधन संस्था एकत्र होऊन टाटा मेमोरियल सेंटर झाले. परळची जागा अपुरी पडू लागल्यावर संशोधनासाठी खारघरची विस्तीर्ण जागा घेण्यात आली आणि २००२ मध्ये तेथील केंद्र सुरू झाले.

ह्या खारघरच्या केंद्रात ४ जून २०२१ रोजी एक महत्त्वाची घटना घडली. ‘कार-टी’ नावाचा उपचार भारतात प्रथमच तेथील मज्जारोपण विभागात एका रुग्णावर करण्यात आला. ह्या उपचारात रुग्णाच्याच रक्तातील ‘टी’ नावाच्या पांढऱ्या पेशी काढून घेतात. प्रयोगशाळेत त्यांच्यात जनुकीय फेरबदल करून कर्कपेशीच्या पृष्ठभागावरील विशिष्ट खूण ओळखण्याची शक्ती त्यांच्या ठायी आणतात. मग त्यांची संख्या वाढवून त्या रुग्णाच्या शरीरात परत सोडतात. जे पहारेकरी शत्रूस ओळखत नव्हते त्यांना जणू शत्रूची ओळख पटवून पुन्हा कामावर धाडले जाते. मुंबईच्या आय. आय. टी. ने टाटा मेमोरियल सेंटरच्या सहकार्याने हा उपचार देशातच विकसित केला. ऑक्टोबर २०२३ मध्ये त्यास औषध नियंत्रकांची मान्यता मिळाली आणि ४ एप्रिल २०२४ रोजी राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू ह्यांच्या हस्ते त्याचे लोकार्पण झाले. हा उपचार सर्वांस लागू पडतो असे नाही. विशिष्ट प्रकारच्या रक्तकर्करोगातच तो योजतात आणि त्याचा गुण प्रत्येकास येतोच असेही नाही. तथापि ज्या रोगापुढे १९३१ मध्ये अवघे वैद्यकशास्त्र हात टेकून बसले होते, त्या रोगाशी झुंज देण्याची विद्या आज आपल्या दाराशी आली आहे, एवढे निश्चित. येथेही विद्या मूळची पाश्चात्त्यांची, पण ती आत्मसात करून आपल्या माणसांसाठी राबविलेली, हा मेहेरबाईंच्या आयुष्यातला धागा पुन्हा हाती लागतो.

मेहेरबाईंनी जिंकलेल्या साठांहून अधिक बक्षिसांची आठवण आज कोणास नाही. खेळाडूचा विजय हा असाच असतो. टाळ्या विरतात, चांदी काळवंडते आणि पुढल्या वर्षी नवे नाव कोरले जाते. टिकते ते खेळाने अंगी बाणविलेले वळण. चेंडू जसा येईल तसा घ्यावयाचा आणि जाळ्यापलीकडे परत धाडावयाचा, स्वतःजवळ ठेवून घ्यावयाचा नाही, एवढाच टेनिसचा नियम. शिक्षण, संपत्ती, मान आणि शेवटी असाध्य आजार, जे जे वाट्यास आले ते ते मेहेरबाई आणि त्यांचे पती ह्यांनी लोकांकडे परत धाडले.

आज खारघरच्या रस्त्यांवरून सायंकाळी खांद्याला रॅकेट अडकवून मुली खेळावयास निघतात, त्यांच्याकडे कोणी वळूनही पाहत नाही. त्याच गावात, थोड्या अंतरावर, आपल्या लेकराचे रक्त तपासण्यास देऊन एखादी आई बाकावर निकालाची वाट पाहत बसलेली असते. मैदानाकडे जाणारी मुलगी आणि बाकावर बसलेली माता ह्या दोघींचेही मेहेरबाईंशी ऋणानुबंध आहेत. एकीची वाट त्यांनी साडी सावरीत मोकळी केली. दुसरीची आशा त्यांच्या चितेएवढ्या दुःखातून नव्हे, तर त्या दुःखाला कामास लावणाऱ्या शहाणपणातून उभी राहिली.